अनुवादक साने गुरुजी

(बी. ए. भाग २, मु. कारधा, जि. भंडारा)

साने गुरुजींचे नाव काढले की आपल्या डोळ्यांसमोर 'श्यामची आई' उभी राहते. शाळेच्या पुस्तकात तिचा एखादा धडा आपण प्रत्येकाने वाचलेला असतो. आचार्य अत्रे यांनी १९५३ साली काढलेला चित्रपट आणि त्याला मिळालेले राष्ट्रपतींचे पहिले सुवर्णपदक, हेही सामान्यज्ञानाच्या पुस्तकातून पाठ झालेले असते. त्यापुढे मात्र गुरुजींची ओळख फारशी जात नाही. रडणारे आणि रडविणारे लेखक असा एक शिक्का त्यांच्यावर बसला, तो आजतागायत पुसलेला नाही. या लेखात मला निराळ्याच गुरुजींविषयी लिहायचे आहे. तुरुंगात बसून तमिळ शिकणारे, ह्यूगो, टॉलस्टॉय आणि जॉर्ज इलियट यांना मराठीच्या ओसरीवर आणून बसविणारे, आणि हे सारे विद्वानांसाठी नव्हे तर शाळकरी पोरांसाठी करणारे गुरुजी आपल्याला फारसे ठाऊक नाहीत.

या विषयाकडे वळण्याला एक निमित्त झाले. आमच्या वर्गात मध्यंतरी एक वाद रंगला होता. भाषांतर वाचणे म्हणजे उष्टे खाणे. वाचायचे तर मूळ वाचावे, असे काही मित्रमैत्रिणींचे म्हणणे होते. हे म्हणणे ऐकायला चांगले वाटते. पण मूळ म्हणजे कोणते? ह्यूगो फ्रेंचमध्ये लिहितो, टॉलस्टॉय रशियनमध्ये, तिरुवळ्ळुवर तमिळमध्ये. इंग्रजीतून वाचणारा तरी मूळ कुठे वाचत असतो? तोही भाषांतरच वाचतो. फरक एवढाच की त्याचे भाषांतर इंग्रजीत आहे, म्हणून ते त्याला मूळ वाटते. रवींद्रनाथांना १९१३ साली नोबेल पारितोषिक मिळाले, तेही जगाने त्यांच्या कविता इंग्रजी अनुवादात वाचल्यामुळे. तो अनुवाद त्यांनी स्वतः केला होता, ही गोष्ट निराळी. मला त्या दिवशी वर्गात हे सगळे बोलता आले नाही. म्हणून आज एका अनुवादकाचे आयुष्यच सांगते.

पांडुरंग सदाशिव साने यांचा जन्म २४ डिसेंबर १८९९ रोजी रत्नागिरी जिल्ह्यातील दापोली तालुक्यात, पालगड या गावी झाला. घराणे खोताचे, पण वडिलांच्या काळात घराला उतरती कळा लागली होती. आई यशोदाबाई यांच्याविषयी येथे लिहीत नाही, कारण ते काम खुद्द गुरुजींनीच करून ठेवले आहे. पालगड आणि दापोली येथले शिक्षण आटोपल्यावर पुढची वाट पैशाअभावी बंद झाली. औंध संस्थानात गरीब विद्यार्थ्यांची शिकण्याची आणि जेवणाची सोय होते असे समजले म्हणून हा मुलगा कोकणातून थेट औंधला गेला. तेथे प्लेग आला आणि तेही सोडावे लागले. मग पुणे, नूतन मराठी विद्यालय. आई १९१७ साली वारली. १९१८ मध्ये ते मॅट्रिक झाले आणि न्यू पूना कॉलेजात, म्हणजे आजच्या सर परशुरामभाऊ महाविद्यालयात, गेले. मराठी आणि संस्कृत घेऊन बी. ए. आणि १९२४ साली तत्त्वज्ञान घेऊन एम. ए. झाले. ज्यांच्या घरात आपल्याआधी कोणी कॉलेजची पायरी चढलेले नाही अशा आम्हा मुलांना या प्रवासातली एक गोष्ट चटकन कळते. पुस्तकांपेक्षा जेवणाची चिंता मोठी असते आणि तरीही पुस्तके सुटत नाहीत.

एम. ए. झाल्यावर ते खानदेशात अमळनेरला आले. श्रीमंत प्रतापशेठ यांनी तेथे तत्त्वज्ञान मंदिर स्थापन केले होते. तत्त्वज्ञानाच्या पदवीधराला याहून चांगली जागा कोणती मिळणार? पण गुरुजींचे मन तिथे रमले नाही. ते शेजारच्या शाळेत शिक्षक झाले आणि वसतिगृहाची जबाबदारी त्यांनी अंगावर घेतली. मुलांचे कपडे धुणारे, त्यांच्या खोल्या झाडणारे गुरुजी ही कथा सर्वांना माहीत आहे. मला अधिक महत्त्वाचे वाटते ते हे की ते मुलांसाठी 'छात्रालय' नावाचे दैनिक हाताने लिहून काढीत. पुढे १९२८ साली त्यांनी 'विद्यार्थी' हे मासिक सुरू केले. आपण जे वाचले ते मुलांना सांगितल्यावाचून त्यांना चैन पडत नसे. त्यांच्या अनुवादांचे मूळ मला येथेच दिसते. कोणा प्रकाशकाने काम दिले म्हणून त्यांनी भाषांतरे केली नाहीत. समोर पोरे बसली आहेत आणि त्यांना सांगायला काहीतरी हवे आहे, म्हणून केली.

१९३० साली गांधीजींनी मिठाचा सत्याग्रह पुकारला आणि गुरुजींनी शाळा सोडली. सभांतून बोलत खानदेशभर हिंडू लागले, तेव्हा सरकारने त्यांना पकडले. प्रथम धुळ्याच्या तुरुंगात आणि तेथून दूर दक्षिणेत, त्रिचनापल्लीच्या तुरुंगात, त्यांची रवानगी झाली.

त्रिचनापल्लीचा हा तुरुंग म्हणजे गुरुजींच्या आयुष्यातले दुसरे विद्यापीठच म्हणायला हवे. सत्याग्रही सगळे एकाच देशासाठी तुरुंगात आलेले, पण एकाची भाषा दुसऱ्याला कळत नाही अशी परिस्थिती. परस्परांशी बोलायचे तर मध्ये इंग्रजी घ्यावी लागे. म्हणजे ज्यांच्याविरुद्ध लढा, त्यांचीच भाषा! गुरुजींनी यावर तक्रार केली नाही. ते विद्यार्थी होऊन बसले आणि त्या तुरुंगात तमिळ व बंगाली शिकले. तिशीला आलेला एम. ए. झालेला माणूस पुन्हा अक्षरे गिरवतो आहे, हे चित्र मला फार आवडते. आमच्याकडे साठी उलटलेली माणसे रात्रीच्या वर्गात सही शिकताना मी पाहिली आहेत. त्यांच्या चेहऱ्यावर जो लाजरा आनंद असतो, तोच गुरुजींच्या चेहऱ्यावर असेल असे वाटते.

शिकलेली तमिळ त्यांनी पोपटासारखी ठेवली नाही. त्यांनी थेट 'तिरुक्कुरळ' हाती घेतला आणि त्याचा 'कुरल' या नावाने मराठी अनुवाद केला. हा ग्रंथ तमिळ लोकांना किती प्रिय आहे हे आपल्याला सहज कळायचे नाही. आपल्याकडे ज्ञानेश्वरी आणि तुकोबांची गाथा मिळून जे स्थान होईल, ते या एका ग्रंथाला तिकडे आहे. १३३ अध्याय, प्रत्येक अध्यायात १० द्विपदी, अशा एकूण १३३० द्विपदी. प्रत्येक द्विपदीत सातच शब्द: वरच्या ओळीत चार आणि खालच्या ओळीत तीन. ग्रंथाचे भाग तीन. धर्म, अर्थ आणि काम. गृहस्थाने पाहुण्याशी कसे वागावे येथपासून राजाने हेर कसे ठेवावेत येथपर्यंत, आणि नांगरणाऱ्या शेतकऱ्याच्या थोरवीपासून प्रियकराच्या रुसव्यापर्यंत सर्व काही त्यात आहे. कोणत्याही एका पंथाची मोहोर त्यावर नाही. म्हणून जैन म्हणतात तो आमचा, शैव म्हणतात तो आमचा. सात शब्दांत बांधलेला विचार दुसऱ्या भाषेत नेणे किती कठीण असेल, याची कल्पना आपण एखाद्या अभंगाचे इंग्रजी करून पाहावे म्हणजे येते. (मी प्रयत्न केला आहे. सरांनी वही शांतपणे परत दिली.)

या ग्रंथाचा कर्ता तिरुवळ्ळुवर हा मैलापूरचा विणकर होता अशी परंपरा आहे. इतिहासकार परंपरेला पुरावा मानत नाहीत, ते बरोबरच आहे. पण माझे आजोबा पवनीकडचे विणकर. आमच्या घरात आजोबांच्या तरुणपणापर्यंत माग चालू होता. आपल्या भंडारा जिल्ह्याचा कोसा आंधळगावपासून सगळीकडे नावाजलेला; पण मागावर बसणाऱ्याचे नाव कोणी विचारत नाही. अशा घरात वाढलेल्या मुलीला, दक्षिणेकडे हजार-दीड हजार वर्षांपूर्वी एका विणकराने लिहिलेला म्हणून लोक ज्याला कवटाळून बसले आहेत असा ग्रंथ आहे, ही बातमी कोणी द्यायची? विद्यापीठाने दिली नाही, शाळेने दिली नाही. गुरुजींच्या पुस्तकांच्या यादीने दिली.

गांधी-आयर्विन करारानंतर सुटका झाली. पण १९३२ मध्ये ते पुन्हा धुळ्याच्या तुरुंगात होते. तेथे विनोबाही होते. २१ फेब्रुवारी ते १९ जून १९३२ या काळात विनोबांनी दर रविवारी कैद्यांपुढे गीतेवर प्रवचने केली. विनोबा बोलत आणि गुरुजी भराभर उतरून घेत. आज 'गीता प्रवचने' हा ग्रंथ भारतातल्या कितीतरी भाषांत गेलेला आहे. पण त्या दिवशी गुरुजींचा हात थांबला असता तर ते शब्द तुरुंगाच्या भिंतींतच विरून गेले असते. याला कोणी भाषांतर म्हणणार नाही. तरीपण दुसऱ्याचा शब्द आपल्या अंगाला लावून न घेता, जसाच्या तसा तिसऱ्यापर्यंत पोचविणे, हीच तर अनुवादकाची वृत्ती. स्वतःचे नाव मागे ठेवायची सवय या माणसाला आधीपासूनच होती. पुढच्याच वर्षी, फेब्रुवारी १९३३ मध्ये, नाशिकच्या तुरुंगात अवघ्या पाच दिवसांत त्यांनी 'श्यामची आई' लिहिली. तिच्याविषयी मी लिहिणार नाही असे वर म्हटले आहेच.

आता मी ज्या पुस्तकांमुळे हा लेख लिहायला बसले, त्यांकडे वळते. गुरुजींनी 'गोड गोष्टी' या नावाने मुलांसाठी दहा भागांची एक माला लिहिली. नाव वाचून वाटते की राजा-राणीच्या आणि चिमणी-कावळ्याच्या गोष्टी असतील. प्रत्यक्षात तिच्यात जगातले मोठे साहित्य मराठी वेष घालून आलेले आहे. 'सोराब आणि रुस्तुम' ही इराणातली, फिरदौसीच्या 'शाहनाम्या'तली बाप-लेकाची कथा. 'दुःखी' म्हणजे व्हिक्टर ह्यूगोची 'ले मिझेराब्ल'. आणि 'मनूबाबा' म्हणजे जॉर्ज इलियट या नावाने लिहिणाऱ्या इंग्रज लेखिकेची 'सायलस मार्नर' ही १८६१ सालची कादंबरी.

'मनूबाबा' माझ्या हाती आले ते २०२० साली. त्या ऑगस्टच्या शेवटी वैनगंगेला महापूर आला, कारध्याचा जुना पूल पाण्याखाली गेला आणि आम्ही काही दिवस नातेवाइकांच्या घरी राहायला गेलो. शाळा आधीच बंद होत्या. त्या घरात एका फळीवर चार-पाच जुनी पुस्तके होती, त्यांत हे एक. आजीला वाचता येत नाही, म्हणून मी मोठ्याने वाचीत असे आणि ती ऐके. गोष्ट एका विणकराची. मित्राने विश्वासघात करून त्याच्यावर चोरीचा आळ आणलेला असतो. गाव सोडून तो परक्या गावी येतो, कोणाशी बोलत नाही, दिवसरात्र माग चालवतो आणि मिळालेली मोहोर न् मोहोर पुरून ठेवतो. एके दिवशी ते सोने चोरीला जाते. पुढे एका रात्री एक अनाथ पोर त्याच्या झोपडीत शिरते, आणि कमी दिसणाऱ्या त्या माणसाला तिचे सोनेरी केस म्हणजे आपले हरवलेले सोनेच वाटते. आजीने मध्येच थांबवून विचारले की सोने गेल्यावर त्याने माग बंद केला की चालू ठेवला. मी पुढे वाचून सांगितले की चालू ठेवला. ती म्हणाली की मग लिहिणाऱ्याला विणकराची जात माहीत आहे. तिला मी सांगितले नाही की लिहिणारी दीडशे वर्षांपूर्वीची विलायतेतली बाई होती. तेव्हा मलाही ते ठाऊक नव्हते.

पुढे कॉलेजात आल्यावर मूळ इंग्रजी कादंबरी मी ग्रंथालयातून काढली. शब्दकोश शेजारी ठेवून वाचायला दोन महिने लागले. कथा आधीपासून पाठ होती म्हणूनच ती शेवटापर्यंत गेली; एरव्ही पहिल्या पंचवीस पानांतच मी हात टेकले असते. तेव्हा भाषांतर मूळापासून माणसाला दूर ठेवते म्हणणाऱ्यांना माझा अनुभव उलट आहे.

अर्थात गुरुजींच्या या पुस्तकांना काटेकोर अर्थाने भाषांतर म्हणता येणार नाही. ती रूपांतरे आहेत. गावे आपल्याकडची, नावे आपल्याकडची, जेवण आपल्याकडचे. ह्यूगोची कादंबरी मूळात प्रचंड. बहिणीच्या सात भुकेल्या मुलांसाठी पाव चोरणारा जाँ वालजाँ, पळून जाण्याच्या प्रयत्नांमुळे वाढत वाढत १९ वर्षांची झालेली त्याची शिक्षा, आणि चांदीची भांडी चोरून नेली तरी वर चांदीची शमादाने देऊन त्याला सोडविणारा बिशप, हा कथेचा कणा. त्याभोवती ह्यूगोने वॉटर्लूची लढाई, पॅरिसची गटारे, मठांचा इतिहास, सारे काही पानेच्या पाने भरून ठेवले आहे. मुलांच्या लहानशा पुस्तकात हे मावणे शक्य नव्हते. गुरुजींनी कणा ठेवला आणि बाकीचे सोडले. यात नुकसान झाले नाही असे मी म्हणणार नाही. ह्यूगो समाजावर रागावतो, कायद्यावर रागावतो. गुरुजींच्या हाती तो राग पुष्कळसा वितळून करुणा होतो. शिवाय सगळी नावे मराठी केली की वाचणारे पोर ही कथा कुठून आली हे विसरून जाते, आणि फ्रान्समध्येही आपल्यासारखीच भुकेली माणसे होती हा शोध त्याला लागतच नाही. हा दोष मला खटकतो.

पण दुसरी बाजूही पाहिली पाहिजे. परदेशी साहित्य मराठीत आणण्याचा मार्ग गुरुजींच्या कितीतरी आधी सुरू झाला होता. कृष्णशास्त्री चिपळूणकरांनी अरबी गोष्टी आणल्या, आगरकरांनी 'हॅम्लेट'चे 'विकारविलसित' केले, देवलांनी 'ऑथेल्लो'चा 'झुंझारराव' करून रंगभूमी गाजविली. हे सर्व थोर कार्य. पण त्याचा वाचक किंवा प्रेक्षक बहुधा शहरातला आणि शिकलेला होता. गुरुजींचा वाचक कोण? वसतिगृहातला, खेड्यातून आलेला, ज्याच्या घरात कदाचित पंचांगाखेरीज पुस्तक नाही असा मुलगा. त्याला वालजाँ हे नाव उच्चारता न आल्यामुळे तो पुस्तक खाली ठेवील, ही भीती खरी होती. आमची घरची बोली झाडी. शाळेची प्रमाण मराठी हीच आम्हाला पहिल्यांदा परभाषा वाटते. तिच्यातले लेखक लांबलचक वाक्ये लिहू लागले की आजी उठून कामाला लागते. गुरुजींची वाक्ये तिला अडत नाहीत. एवढ्या साध्या मराठीत 'शाहनामा' आणि ह्यूगो सांगणे हे सोपे काम नाही. सोपे लिहिणाऱ्याला आपल्याकडे कमी लेखण्याची रीत आहे, म्हणून हे मुद्दाम सांगितले.

आणि गुरुजी हे समजून-उमजून करीत होते, याचा पुरावा त्यांच्या आणखी एका अनुवादात आहे. टॉलस्टॉयचे कलेवरचे पुस्तक त्यांनी 'कला म्हणजे काय?' या नावाने मराठीत आणले. टॉलस्टॉय त्यात सांगतो की एका माणसाने अनुभवलेली भावना दुसऱ्याला लागण व्हावी तशी लागली पाहिजे, तीच कला. आणि जी कला मूठभर श्रीमंतांनाच कळते व कष्टकऱ्याला कळत नाही, ती खोटी. या मापाने त्याने शेक्सपिअरला नाकारले, बेथोव्हेनच्या नवव्या सिंफनीला नाकारले, आणि दोन छोट्या कथा वगळता स्वतःच्या सगळ्या कादंबऱ्याही नाकारल्या! 'युद्ध आणि शांती' लिहिणाऱ्याने ती भिकार ठरवावी, हे जरा अतीच झाले. मला टॉलस्टॉयचे मत पूर्णपणे पटत नाही. कष्टकऱ्याला आज कळत नाही ते उद्या कळू शकते. त्याच्यापर्यंत पोचू दिले तर. परंतु ज्या काळात मराठीत फडके आणि खांडेकर यांच्यामागे उभे राहून लोक कलेसाठी कला की जीवनासाठी कला असा वाद घालीत होते, त्या काळात गुरुजींनी वादात तलवार न उपसता टॉलस्टॉयलाच मराठीत बोलते केले, ही गोष्ट लक्षात ठेवण्याजोगी आहे. त्यांच्यावर भाबडेपणाची टीका करणाऱ्यांनी हे पुस्तक जरूर पाहावे. ते जसे लिहीत तसे का लिहीत, याचे उत्तर तेथे सापडते.

याशिवाय मानवजातीची कथा सांगणारे हेन्री थॉमस यांचे पुस्तक त्यांनी मराठीत आणले. प्रेषित महंमदांचे चरित्र 'इस्लामी संस्कृती' या नावाने लिहिले. या कामाला हिंदु-मुसलमान तेढीच्या त्या दिवसांत वेगळेच धैर्य लागत होते. नामदार गोखल्यांचे चरित्र आहे, मुलांसाठीच्या आणखी पुष्कळ गोष्टी आहेत. सगळी यादी देत बसत नाही. हे सर्व लेखन सभा, मोर्चे, दौरे आणि तुरुंग यांच्या फटीतून झाले. १९३६ च्या फैजपूर काँग्रेससाठी ते खेडोपाडी हिंडले, अमळनेरहून 'काँग्रेस' नावाचे साप्ताहिक काढले, १९४२ च्या लढ्यात भूमिगत झाले आणि पकडले जाऊन १९४५ पर्यंत आत राहिले. लिहायला निवांत वेळ मिळाला तो बहुतेक तुरुंगातच.

१९४७ च्या मे महिन्यात पंढरपूरचे विठ्ठल मंदिर अस्पृश्य मानल्या गेलेल्यांना खुले व्हावे म्हणून त्यांनी १ तारखेपासून १० तारखेपर्यंत उपोषण केले. त्याआधी काही महिने महाराष्ट्रभर दौरा केला होता. मंदिर खुले झाले. या प्रसंगाविषयी पुष्कळांनी लिहिले आहे. पण पंढरीचे दार आणि ग्रंथांचे दार या गुरुजींच्या दृष्टीने दोन निरनिराळ्या गोष्टी असाव्यात असे मला वाटत नाही. जे चांगले आहे ते काही लोकांच्या मालकीचे राहू नये, हे त्यांचे एकच म्हणणे होते.

स्वातंत्र्य आले, त्याबरोबर फाळणीही आली आणि लगेच भाषावार प्रांतांच्या मागणीने जोर धरला. प्रांत भाषेप्रमाणे व्हावेत, पण माणसे एकमेकांना परकी होऊ नयेत, यासाठी काय करावे? त्रिचनापल्लीच्या तुरुंगात जे बीज पडले होते ते आता वर आले. रवींद्रनाथांनी विश्वभारती काढली होती. गुरुजींनी 'आंतरभारती'ची कल्पना मांडली. १९४९ साली पुण्याच्या साहित्य संमेलनात त्यांनी ती सर्वांपुढे ठेवली. निरनिराळ्या प्रांतांतल्या भाषा शिकण्याची जेथे सोय असेल, एका भाषेतले चांगले साहित्य दुसरीत नेणारी माणसे जेथे तयार होतील, अशी संस्था त्यांना हवी होती. मराठी मुलाने कानडी शिकावी, तमिळ मुलाने बंगाली शिकावी, आणि त्यासाठी मध्ये इंग्रजीचा पूल लागू नये. या स्वप्नासाठी ते पैसे गोळा करीत हिंडू लागले. १५ ऑगस्ट १९४८ रोजी सुरू केलेले 'साधना' साप्ताहिकही हातात होतेच.

पैसा जमला नाही. निदान संस्था उभी राहील इतका तरी नाही. गांधीजींच्या खुनाने ते आतून खचले होते. जो देश त्यांनी मनात पाहिला होता, तो डोळ्यांसमोर दिसेना. ११ जून १९५० रोजी त्यांनी आपल्या हातांनी जीवनयात्रा संपविली. वय अवघे ५० वर्षांचे. त्यांच्या मृत्यूवर नाना तर्क झाले आहेत, त्यांत भर घालण्याची माझी योग्यता नाही. मला एवढेच वाईट वाटते की इतरांना धीर देणारी शंभरावर पुस्तके लिहिणाऱ्या माणसाला त्या रात्री कोणी जागे करून बोलते ठेवले नाही.

'साधना' आजही निघते. १९५१ साली प्रकाशभाई मोहाडीकरांनी साने गुरुजी कथामाला सुरू केली आणि ती गावोगाव गेली. गुरुजींचे लेखन २०११ पासून स्वामित्वहक्कातून मुक्त झाले आहे. त्यामुळे कोणीही ते छापू शकतो आणि मोबाइलवरही ते फुकट वाचता येते. 'श्यामची आई' २०२१ मध्ये शांता गोखले यांनी नव्याने इंग्रजीत नेली. जन्मभर दुसऱ्यांची पुस्तके आपल्या भाषेत आणणाऱ्याचे पुस्तक आता दुसऱ्या भाषेत जाते आहे; बघायला ते असते तर काय म्हणाले असते कोण जाणे.

आपल्या महाविद्यालयाच्या ग्रंथालयात 'दुःखी' आहे, 'मनूबाबा' आहे. बालवाङ्मयाच्या कपाटात सर्वांत खालच्या फळीवर, कुलपाच्या आत. ग्रंथपालांना विचारावे लागते, पण विचारले की ते देतात. 'कला म्हणजे काय?' मराठी विभागाच्या कपाटात आहे. ते शेवटचे कोणी नेले हे मागच्या चिठ्ठीवर दिसते. माझ्याआधीची तारीख १९९४ ची आहे. 'कुरल'ची प्रत मात्र मला अजून मिळालेली नाही. कोणाच्या घरी असल्यास कळवावे. काळजीपूर्वक वाचून परत करीन.